गेम लोड होत नाही: लोगो दिसतो आणि खिडकी बंद. फॉरमॅट करायचं का?

मुठाकाठ
नमस्कार मंडळी. घरच्या डेस्कटॉपवर एक जुना गेम चालू होत नाहीये. मशीन असं: रायझन ५ ५६००, आरटीएक्स ३०६० (१२ जीबी), १६ जीबी रॅम, १ टीबीची एनव्हीएमई, विंडोज ११. गेम स्टीमवरून (गेमचं ऑनलाइन दुकान) घेतलेला, ३२ बिटचा, डायरेक्टएक्स ९ (गेमला चित्र-आवाज पुरवणारी विंडोजची यंत्रणा) च्या काळातला. 'प्ले' दाबलं की लोगो येतो, दोन सेकंदांत पडदा काळा होतो आणि थेट डेस्कटॉप दिसतो. एररची खिडकी नाही, काही नाही. नवे, जड गेम याच मशीनवर व्यवस्थित चालतात.

करून झालेलं: स्टीममधून फाइल व्हेरिफाय केल्या, सगळ्या बरोबर आहेत. गेम काढून परत टाकला. ग्राफिक्सचा ड्रायव्हर नवा केला. 'रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर' करून पाहिलं. तापकीर गल्लीत एका दुकानात विचारलं तर म्हणाले, फॉरमॅट मारून नवीन विंडोज टाकून देतो. तेवढाच उपाय उरलाय का?

रास्तापेठी
फॉरमॅट अजिबात करू नका. नवे गेम चालतायत म्हणजे कार्ड, ड्रायव्हर, रॅम आणि विंडोज यांच्यात मोठा बिघाड नाही. दोष या एका गेमच्या आणि तुमच्या मशीनच्या जुळणीत कुठेतरी आहे. नक्की कुठे, ते कळल्याशिवाय फॉरमॅट केलं तर तोच दोष नव्या विंडोजवरही तसाच हजर होऊ शकतो.

कात्रजबोगदा
रुमाल टाकून ठेवतो. संध्याकाळी सविस्तर लिहितो.

सदाशिव३०
आधी एक ठरवू या: गेम नेमका कुठल्या पायरीवर मरतो? 'गेम चालत नाही' या एका तक्रारीखाली चार वेगवेगळे आजार असतात.

पहिला, प्ले दाबल्यावर प्रोसेस सुरूच होत नाही. इथे बहुतेक वेळा एखादी डीएलएल (गेमला लागणारी मदतनीस कोडची फाइल) सापडत नसते किंवा अँटिव्हायरसने एक्झी फाइल (गेमचा मुख्य प्रोग्राम) उचललेली असते. दुसरा, टास्क मॅनेजरमध्ये नाव क्षणभर दिसतं पण खिडकी यायच्या आतच जातं. तिसरा तुमचा: खिडकी येते, लोगो दिसतो, मग जातो. म्हणजे मुख्य डीएलएल मिळाल्या, डायरेक्टएक्स सुरू झालं, आणि त्यानंतर सेटिंगची फाइल, सेव्ह, आवाज किंवा रिझोल्यूशन यांपैकी काहीतरी वाचता-लिहिताना घात झाला. चौथा, लोडिंगची पट्टी एका ठिकाणी अडकून बसते. तिथे डिस्क, खराब झालेली फाइल किंवा नेटवर्क बघायचं असतं.

आता पुरावा काढा. स्टार्टमध्ये 'इव्हेंट व्ह्यूअर' शोधा. डावीकडे 'विंडोज लॉग्ज', त्याखाली 'ॲप्लिकेशन'. गेम एकदा चालवून पडू द्या, लगेच तिथे येऊन रिफ्रेश करा आणि लाल खुणेची 'ॲप्लिकेशन एरर', इव्हेंट आयडी १०००, अशी नोंद उघडा. त्यातल्या दोन ओळी इथे लिहा: 'फॉल्टिंग मॉड्यूल नेम' आणि 'एक्सेप्शन कोड'. पडलेल्याचं नाव पहिल्या ओळीत असतं, कसा पडला ते दुसरीत.

हडपसर_नोड
एवढं कशाला? कुठलीतरी डीएलएल कमी असणार. नेटवर डीएलएलच्या साइट आहेत, तिथून घेऊन सिस्टम३२ मध्ये टाका, काम झालं.

रास्तापेठी
@हडपसर_नोड, कृपया हा सल्ला देऊ नका. एक तर त्या साइटवरची फाइल कोणी, कशी बनवली याचा भरवसा नसतो. दुसरं म्हणजे ६४ बिटच्या विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरमध्ये ६४ बिटच्या डीएलएल असतात आणि ३२ बिटच्या सिसवॉव६४ मध्ये. नावं उलटी वाटतात, पण आहेत तशीच. धागाकर्त्यांचा गेम ३२ बिटचा. त्याच्या वाटेत ६४ बिटची डीएलएल आली की ०एक्स-सी०००००७बी हा एरर येतो, आणि मग मूळ दुखणं बाजूला राहून हे नवीन निस्तरत बसावं लागतं.

हडपसर_नोड
ओके, हे माहीत नव्हतं. नोंद घेतली.

कात्रजबोगदा
परत आलो. डीएलएलचा संशय असेल तर सरळ मार्ग असा.

एक, व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल (अनेक गेमना लागणाऱ्या डीएलएलचं पॅकेज). मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून २०१५ आणि पुढचं जे एकत्र पॅकेज आहे ते एक्स८६ (३२ बिटचं) आणि एक्स६४ (६४ बिटचं) दोन्ही टाका. विंडोज ६४ बिटचं आहे म्हणून फक्त एक्स६४ टाकतात आणि ३२ बिटचा गेम तसाच उपाशी राहतो. गेम २०१५ च्या आधीचा असेल तर त्याला २००५, २००८, २०१० यांपैकी त्याचं स्वतःचं पॅकेज लागतं. नव्या पॅकेजमध्ये जुनी येत नाहीत. स्टीमचे गेम ही पॅकेजेस बहुधा सोबतच आणतात. स्टीमॲप्स, कॉमन, मग 'स्टीमवर्क्स शेअर्ड', त्यात 'कॉमनरीडिस्ट' असा फोल्डर असतो. तिथून हाताने चालवता येतात.

दोन, डायरेक्टएक्सचं जून २०१० चं एंड-यूजर रनटाइम. "माझ्याकडे तर डायरेक्टएक्स १२ आहे, मग ९ कशाला" असं खूप जण विचारतात. विंडोजमध्ये डायरेक्टएक्स ९ चा गाभा असतोच, पण डी३डीएक्स९_४३, एक्सऑडिओ २ च्या जुन्या आवृत्त्या, एक्सइनपुट१_३ (गेमपॅडसाठी) असल्या जोडफायली त्यात येत नाहीत. त्या या पॅकेजमधूनच येतात. नव्या डायरेक्टएक्सला याने धक्का लागत नाही.

सदाशिव३०
माहिती शंभर टक्के बरोबर, पण या केसमध्ये मला ते कारण वाटत नाही. व्हीसीरनटाइम किंवा डी३डीएक्स कमी असेल तर विंडोज लोगोच्या आधीच फाइलचं नाव सांगून अडवते.

कात्रजबोगदा
नेहमी नाही. काही गेम एक्सइनपुट आणि आवाजाच्या डीएलएल सुरुवातीला न मागता मध्येच मागतात. तेव्हा खिडकी आलेली असते आणि मग निरोप न देता गेम पडतो. म्हणून पाच मिनिटांचं ते काम करून घ्यावं असं माझं मत.

सदाशिव३०
हे मान्य. करून घ्या, तोटा काहीच नाही.

एसएमपीएस
पॉवर बघा की कोणीतरी. पुण्यात गुरुवारी दुरुस्तीसाठी वीज बंद असते, त्यात डाउनलोड अर्धवट तुटतं. शिवाय ६०० व्हीएचा यूपीएस असेल तर तो म्हणजे साधारण ३६० वॅटच. ३०६० एकटं १७० वॅटपर्यंत घेतं, ५६०० पूर्ण ताणावर आणखी बरंच, वर मॉनिटर. वीज गेल्यावर यूपीएस तेवढा भार उचलताना मशीन बंद पडू शकतं.

रास्तापेठी
मुद्दा योग्य, पण लक्षण जुळत नाही. पॉवर कमी पडली तर पूर्ण मशीन बंद किंवा रीस्टार्ट होतं, आणि इव्हेंट व्ह्यूअरच्या 'सिस्टम' विभागात कर्नल-पॉवर ४१ ही नोंद सापडते. एकटा गेम बंद होऊन डेस्कटॉप शाबूत राहत असेल तर यूपीएसला दोष देता येणार नाही. अर्धवट डाउनलोड असतं तर व्हेरिफायमध्ये दिसलं असतं.

मुठाकाठ
सगळ्यांचे आभार. कात्रजबोगदा यांनी सांगितलेली दोन्ही पॅकेजेस टाकली, फरक नाही. इव्हेंट व्ह्यूअरमध्ये असं आलं:
फॉल्टिंग मॉड्यूल नेम: गेमची स्वतःचीच एक्झी
एक्सेप्शन कोड: ०एक्स-सी००००००५

सदाशिव३०
छान. सी००००००५ म्हणजे ॲक्सेस व्हायोलेशन: गेमने मेमरीतल्या अशा जागी हात घातला जी त्याची नाही. आणि मॉड्यूल स्वतः गेमच आहे, हे महत्त्वाचं. एनव्हीडियाची डीएलएल असती तर ड्रायव्हरकडे गेलो असतो. डिस्कॉर्डचा ओव्हरले (गेमच्या पडद्यावर वरून दिसणारा थर) किंवा रिव्हाट्यूनर (तसाच थर दाखवणारा प्रोग्राम) यांचं नाव असतं तर ते बंद करायला सांगितलं असतं. (तसेही ते एकदा बंद करून बघाच. जुन्या डायरेक्टएक्स ९ च्या गेमशी ओव्हरलेचं वाकडं असतं.)

आता बहुधा असं घडतंय: गेम एखादी फाइल उघडायला जातो, ती उघडत नाही, पण 'उघडली नाही' हे तपासण्याचा कोड लिहिणाऱ्याने घातलेला नाही. तसाच पुढे जातो आणि रिकाम्या पत्त्यावर पडतो. कुठली फाइल ते शोधायला मायक्रोसॉफ्टचंच प्रोसेस मॉनिटर हे साधन आहे. सिसइंटर्नल्सच्या पानावर फुकट मिळतं, इन्स्टॉल करावं लागत नाही.

चालू केल्यावर फिल्टरमध्ये 'प्रोसेस नेम', 'इज', आणि गेमच्या एक्झीचं नाव. ॲड, ओके. वरच्या पट्टीत फक्त फाइल सिस्टिमचं बटण दाबलेलं ठेवा. रजिस्ट्री आणि नेटवर्क बंद, नाहीतर हजारो ओळींत हरवाल. गेम चालवा, पडला की कंट्रोल-ई दाबून नोंद थांबवा. मग शेवटापासून वर वाचत या आणि 'रिझल्ट' स्तंभ बघा. 'नेम नॉट फाउंड' भरपूर दिसतील, त्यांना घाबरू नका: एखादी डीएलएल चार ठिकाणी शोधून पाचव्या ठिकाणी सापडते, त्यातले ते पहिले चार. शोधायचं ते 'ॲक्सेस डिनाइड', 'पाथ नॉट फाउंड' किंवा याहून वेगळं काही.

पौडफाटा
प्रोसेस मॉनिटरच्या आधी एक सोपी गोष्ट. विंडोज सिक्युरिटीत 'व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन', तळाशी 'रॅन्समवेअर प्रोटेक्शन', त्यात 'कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस' चालू आहे का? असेल तर अनोळखी प्रोग्रामला डॉक्युमेंट्समध्ये लिहू देत नाही. जुने गेम सेटिंग आणि सेव्ह डॉक्युमेंट्समध्येच ठेवतात. तिथेच 'अलाउ ॲन ॲप' मधून गेमची एक्झी जोडायची. संपूर्ण अँटिव्हायरस बंद करून ठेवायची गरज नसते.

चतुःशृंगी
अवांतर प्रश्न, पण विषय जवळचा आहे. इंटेलचा आय९ १४९००के आहे. नवे गेम शेडर (ग्राफिक्स कार्डसाठीचे छोटे प्रोग्राम) तयार होत असतानाच पडतात आणि 'आउट ऑफ व्हिडिओ मेमरी' असा निरोप येतो. कार्ड १६ जीबीचं आहे, मेमरी संपणं शक्यच नाही.

रास्तापेठी
@चतुःशृंगी, तो निरोप फसवा असतो. शेडर तयार होताना आणि फाइल डीकंप्रेस होताना प्रोसेसरवर प्रचंड ताण येतो. प्रोसेसर हिशेबात चुकला की गेम दोष ग्राफिक्स मेमरीवर ढकलतो. इंटेलच्या १३ व्या आणि १४ व्या पिढीतल्या ६५ वॅट आणि त्यावरच्या डेस्कटॉप प्रोसेसरांत व्होल्टेज वाढत जाऊन चिप कायमची अस्थिर होण्याचा दोष होता. इंटेलने तो मान्य केला आणि ऑगस्ट २०२४ मध्ये ०एक्स१२९, सप्टेंबर २०२४ मध्ये ०एक्स१२बी असे मायक्रोकोड (प्रोसेसरच्या आतल्या कोडच्या दुरुस्त्या) दिले. मदरबोर्डचं ताजं बायोस टाका, त्यात ते येतात. मग बायोसमध्ये 'इंटेल डीफॉल्ट सेटिंग्ज' निवडा. पण आधीच बिघडलेली चिप मायक्रोकोडने सुधारत नाही. बायोसनंतरही गेम पडत असतील तर वॉरंटीत बदलून मागा. इंटेलने या चिपांची वॉरंटी दोन वर्षांनी वाढवली आहे. बिल शोधून ठेवा.

चतुःशृंगी
अत्यंत उपयोगी. बायोस आजच बघतो. धन्यवाद.

मुठाकाठ
कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस बंदच होतं. ओव्हरले बंद केले, तरी तेच.

प्रोसेस मॉनिटरमध्ये मात्र सापडलं असं वाटतंय. शेवटून चौथी ओळ: ऑपरेशन 'क्रिएटफाइल', रिझल्ट 'नेम इनव्हॅलिड'. पाथ असा आहे:
सी:\यूजर्स\??????\डॉक्युमेंट्स\माय गेम्स\...
प्रश्नचिन्हं मी टाकलेली नाहीत, तशीच दिसतायत. मशीनवर माझं लोकल अकाउंट आहे आणि नाव मराठीत, देवनागरीत लिहिलेलं आहे.

सदाशिव३०
सापडलं. हेच कारण.

लोकल अकाउंट बनवताना जे नाव लिहाल तेच यूजर्समधल्या फोल्डरचं नाव होतं. (मायक्रोसॉफ्ट अकाउंटने सुरुवात केली तर ईमेलची पहिली पाच अक्षरं घेतली जातात, म्हणून बहुतेकांना हा त्रास होत नाही.) विंडोज स्वतः युनिकोडवर (सगळ्या लिप्या सामावणारी अक्षरपद्धत) चालते, तिला देवनागरी फोल्डरचं काही वाटत नाही. पण जुने प्रोग्राम युनिकोड न वापरता 'कोड पेज' (ठरावीक भाषांच्या अक्षरांचा छोटा तक्ता) वापरतात. इंग्लिश लोकेल असेल तर ते १२५२, आणि त्यात देवनागरी अक्षरंच नाहीत. देवनागरीसाठी जुन्या पद्धतीचं कोड पेज विंडोजमध्ये कधी नव्हतंच. म्हणून गेमने डॉक्युमेंट्सचा पत्ता विचारला तेव्हा प्रत्येक अक्षराच्या जागी प्रश्नचिन्ह लावून उत्तर मिळालं. काना, मात्रा, अनुस्वार हेही स्वतंत्र धरले जातात, म्हणून नाव छोटं असलं तरी प्रश्नचिन्हं जास्त. आणि प्रश्नचिन्ह हे विंडोजच्या फाइलनावात चालतच नाही, म्हणून 'नेम इनव्हॅलिड'. सेटिंगची फाइल उघडली नाही आणि गेम आपटला.

नवे गेम युनिकोड वापरतात, म्हणून ते चालले. आणि फॉरमॅट करून तेच नाव परत लिहिलं असतं, तर पुन्हा हेच झालं असतं.

कात्रजबोगदा
वा! अचूक निदान. वाखुसा (वाचनखूण साठवली).

उपाय सोपा आहे. इंटल.सीपीएल चालवा, 'ॲडमिनिस्ट्रेटिव्ह' टॅब, 'चेंज सिस्टम लोकेल', त्यात 'बीटा: यूज युनिकोड यूटीएफ-८' वर टिक, रीस्टार्ट.

सदाशिव३०
इथे मी असहमत. त्या टिकने हा गेम कदाचित चालेल, पण ती सेटिंग संपूर्ण मशीनला लागू होते. यूटीएफ-८ मध्ये देवनागरीचं एक अक्षर तीन बाइट घेतं. एका अक्षराला जास्तीत जास्त दोन बाइट धरून लिहिलेले जुने प्रोग्राम त्यावर अडखळतात, शिवाय पाथची २६० ची मर्यादाही लवकर भरते. जुन्या अकाउंटिंगच्या किंवा बिलिंगच्या सॉफ्टवेअरमध्ये अक्षरं बिघडण्याची भीती असते. एका गेमसाठी एवढं करू नये.

पौडफाटा
सहमत. डॉक्युमेंट्सच हलवा. फाइल एक्सप्लोररमध्ये डॉक्युमेंट्सवर राइट-क्लिक, प्रॉपर्टीज, 'लोकेशन' टॅब. तिथे इंग्रजी अक्षरांतला पत्ता द्या, उदाहरणार्थ डी ड्राइव्हवर डॉक्स नावाचा फोल्डर, आणि 'मूव्ह'. दोन खबरदाऱ्या: वनड्राइव्हचा डॉक्युमेंट्स बॅकअप आधी बंद करा, आणि नुसता 'डी:\' असा मुळाचा पत्ता देऊ नका, सगळा ड्राइव्हच डॉक्युमेंट्स होऊन बसतो आणि परत फिरवणं जिकिरीचं असतं.

गेम टेंपमध्ये (तात्पुरत्या फाइलींचा फोल्डर) काही लिहीत असेल तर एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबल्समध्ये टेंप आणि टीएमपी दोन्ही 'सी:\टेंप' कडे वळवा. हा पत्ताही इंग्रजी अक्षरांतच, आणि तो फोल्डर आधी बनवून ठेवा.

हडपसर_नोड
यूजर्समधल्या फोल्डरचं नावच बदललं तर?

रास्तापेठी
नको. सेटिंगमध्ये नाव बदललं तर फक्त दिसणारं नाव बदलतं, फोल्डर तोच राहतो. आणि फोल्डरचं नाव रजिस्ट्रीच्या प्रोफाइललिस्टमधून बदलता येतं खरं, पण असंख्य प्रोग्रामनी जुना पत्ता स्वतःकडे लिहून ठेवलेला असतो, ते सगळे तुटतात. डॉक्युमेंट्स हलवूनही भागलं नाही, म्हणजे गेम ॲपडेटामध्ये (यूजरच्या फोल्डरमधलाच, प्रोग्रामच्या सेटिंगचा फोल्डर) लिहीत असेल, तर नवीन लोकल अकाउंट इंग्रजी अक्षरांत करा: सेटिंग्ज, अकाउंट्स, अदर यूजर्स, ॲड अकाउंट, तिथे साइन-इनची माहिती नाही असं सांगून 'विदाउट अ मायक्रोसॉफ्ट अकाउंट'. लॉगिनवर मराठी नाव हवं असेल तर अकाउंट बनल्यावर, एकदा लॉगिन करून, दिसणारं नाव देवनागरीत करा. फोल्डर इंग्रजी राहील, नाव मराठी दिसेल.

मुठाकाठ
डॉक्युमेंट्स डी ड्राइव्हवर हलवलं. लोगो, मेनू, आवाज, सगळं आलं. गेम सुरू झाला! मेनूतून नवा खेळ सुरू करून सेव्हही करून पाहिला, फाइल नव्या फोल्डरमध्ये दिसतेय. मनापासून आभार.

एक शंका: याच मालिकेतला पहिला भाग जुन्या डीव्हीडीवर आहे. तोही याच कारणाने उघडत नसेल का? त्यात तर इन्स्टॉल नीट होतं आणि मग काहीच होत नाही.

कात्रजबोगदा
तो वेगळा आजार असावा. त्या काळच्या बऱ्याच डिस्कवर सेफडिस्कचं (नक्कल रोखणारं) संरक्षण असायचं. त्याचा ड्रायव्हर, सेकड्राइव्ह.सिस, सुरक्षेच्या कारणाने विंडोज १० पासून चालत नाही. विंडोज ७ आणि ८ वरही सप्टेंबर २०१५ च्या अपडेटने तो बंद केला गेला. कुठूनतरी तो ड्रायव्हर आणून बसवू नका, त्यातल्या सुरक्षेच्या छिद्रामुळेच तो काढला आहे. डिस्कवर सेकड्राइव्हशी संबंधित फाइल दिसली तर नाद सोडा आणि सेल लागला की स्टीम किंवा जीओजी (असंच दुसरं ऑनलाइन दुकान) वरची आवृत्ती घ्या. जीओजीच्या आवृत्तीला असलं संरक्षण नसतं.

एसएमपीएस
आणि डीव्हीडीच्या आवृत्तीचे जुने सेव्ह असतील तर फेकू नका. अनेकदा नव्या आवृत्तीत तसेच चालतात. फोल्डर कॉपी करून ठेवा, आणि नवीन आवृत्ती पहिल्यांदा चालवायच्या आधी स्टीम क्लाउड बंद करून मगच सेव्ह जागेवर टाका. नाहीतर क्लाउडमधली दुसरी फाइल त्यावर बसू शकते.